आभाळाचा सातबारा

ठाण्याच्या कापूरबावडीहून कोलशेतकडे निघालो की ढोकाळी मागे पडते आणि सँडोझ बाग लागते. स्विस कंपनीचा कारखाना गेला, त्याच्या जमिनीवर टोलेजंग इमारती आल्या, पण रिक्षावाल्याच्या तोंडी नाव तेच राहिले. याच रस्त्यावर भारतीय हवाई दलाचे ठाणे आहे. उंच भिंत, तारांचे कुंपण, फाटकावर पहारा. इथे धावपट्टी नाही, विमान उतरत नाही. तरीही आसपास कोणाला इमले चढवायचे असतील तर या भिंतीपासूनचे अंतर आणि इमारतीची उंची आधी पाहावी लागते. रस्ता संपतो तिथे आगरी आणि कोळी घरांचे जुने कोलशेत आहे, पुढे खाडी, विसर्जनाचा घाट आणि पलीकडे भिवंडी तालुक्यातले काल्हेर. शेकडो वर्षे हे गाव खाडीची भरती-ओहोटी मोजत आले आणि गेल्या काही दशकांत ते आभाळही मोजायला शिकले. विमानाचा इतिहास आपण बहुधा वर पाहत वाचतो, म्हणजे कोण पहिला उडाला, किती उंच आणि किती वेळ. ठाणे-कल्याणच्या पट्ट्यात राहणाऱ्याला तो तेवढ्यावर सोडून चालत नाही. इथे उडणाऱ्यांची एक वंशावळ आहे आणि ज्यांच्या रानावरून धावपट्ट्या गेल्या त्यांची दुसरी. दोन्हींत तत्त्वाला धरून राहिलेली माणसे आहेत, आणि त्यातल्या बहुतेकांच्या हातून त्यांची वस्तू दुसऱ्याच्या हाती गेली आहे. म्हणून हा मागोवा आपण दोन्ही बाजूंनी घेऊ.

आरंभी एक आख्यायिका येते, आणि ती ओलांडून जाणे बरे नाही. मुंबईच्या चिराबाजारात राहणाऱ्या शिवकर बापूजी तळपदे यांनी १८९५ मध्ये गिरगावच्या चौपाटीवर ‘मरुत्सखा’ नावाचे विमान उडवले, असे आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या सांगितले जाते. तळपदे खरे होते, पाठारे प्रभू समाजातले होते, संस्कृताचा आणि वेदांचा त्यांना ध्यास होता. १९०७ मध्ये त्यांनी प्राचीन विमानकलेवर पुस्तिकाही छापली. मात्र त्या उड्डाणाची खात्रीलायक समकालीन नोंद अभ्यासकांना आजवर मिळालेली नाही. पुढे ‘वैमानिक शास्त्र’ या नावाने गाजलेल्या ग्रंथाची बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच जणांनी १९७४ मध्ये कसून तपासणी केली. तो ग्रंथ विसाव्या शतकाच्या आरंभीचा आहे आणि त्यातली विमाने उडू शकणार नाहीत, असा त्यांचा निष्कर्ष होता. तरी २०१५ च्या जानेवारीत मुंबईत भरलेल्या भारतीय विज्ञान परिषदेत हाच विषय पुन्हा व्यासपीठावर आला आणि देशभर वाद झाला. मला यात तळपद्यांचीच काळजी वाटते. न झालेल्या उड्डाणाच्या ओझ्याखाली त्यांची खरी जिज्ञासा गाडली गेली आहे. परक्या राजवटीत, पदरचे पैसे घालून, ‘आपल्यालाही उडता येईल’ असे एका माणसाने मनावर घेतले, एवढी त्यांची जागा पक्की आहे. उड्डाणाचा मान मात्र पुराव्याने १७ डिसेंबर १९०३ च्या सकाळचा आहे. अमेरिकेतल्या किटी हॉकच्या वाळूत राइट बंधूंचे यंत्र १२ सेकंद हवेत राहिले आणि १२० फूट गेले. त्याचे छायाचित्र आहे, साक्षीदार आहेत, वाऱ्याच्या वेगाची नोंदही आहे.

हिंदुस्थानात विमान आले ते नवलाईची चीज म्हणून. १८ फेब्रुवारी १९११ रोजी आंरी पेके या फ्रेंच तरुणाने अलाहाबादच्या प्रदर्शनाच्या मैदानावरून साडेसहा हजारांच्या आसपास पत्रे घेऊन यमुना ओलांडली आणि नैनीला उतरवली. जगातली पहिली अधिकृत हवाई टपाल फेरी ती हीच. त्यानंतर तीनच वर्षांत महायुद्ध पेटले आणि नवलाईचे हत्यार झाले. इथे आपण एका विसरलेल्या मुंबईकरापाशी थांबू. श्रीकृष्ण वेलिणकर १८९४ मध्ये जन्मले आणि केंब्रिजच्या जीझस कॉलेजात शिकले. ब्रिटिश हवाई दलात अधिकारी म्हणून शिरणे हिंदी माणसाला त्या काळी जवळपास अशक्य होते. विमानाची कळ दाबणारा हात गोराच असावा, हा अलिखित नियम होता. हरदित सिंग मलिक यांना फ्रेंच हवाई दलाने घ्यायची तयारी दाखवली, तेव्हा कुठे इंग्रजांचे दार किलकिले झाले. इंद्रलाल रॉय यांना डोळ्यांच्या तपासणीत नापास केले, तर त्यांनी आपली मोटारसायकल विकून त्या पैशातून दुसऱ्या तज्ज्ञाचे मत आणले. एरॉल चंदर सेन तिसरे आणि चौथे आपले वेलिणकर. २३ व्या स्क्वाड्रनमध्ये ते सॉपविथ डॉल्फिन हे एकआसनी लढाऊ विमान चालवत. २७ जून १९१८ रोजी फ्रान्सवरच्या गस्तीत त्यांचे विमान पडले, जखमी अवस्थेत ते जर्मनांच्या हाती लागले आणि ३० जूनला कैदेतच वारले. त्यांचा देह सोम प्रांतातल्या हांगार गावच्या लष्करी स्मशानभूमीत आहे. तीन आठवड्यांनी इंद्रलाल रॉयही पडले. रॉय यांच्या नावे टपाल तिकीट निघाले. वेलिणकरांचे नाव मात्र मुंबईत विचारले तर सांगणारा क्वचितच भेटतो. ज्या सैन्याने दार उघडायला एवढे आढेवेढे घेतले, त्याच सैन्यासाठी मरण्यात कसले तत्त्व, असे कोणी विचारील. मला वाटते, ‘हे मला जमणार नाही’ असे दुसऱ्याने ठरवायचे नाही, हेच ते तत्त्व. त्या तरुण मुलाने त्याची पूर्ण किंमत मोजली.

युद्ध संपल्यावर विमान मुंबईत मुक्कामाला आले ते जुहूला. १९२८ मध्ये समुद्रालगतच्या त्या सपाटीवर धावपट्टी तयार झाली आणि फ्लाइंग क्लबची विमाने घिरट्या घालू लागली. इथेच शिकलेल्या जहांगीर रतनजी दादाभाई टाटांना १० फेब्रुवारी १९२९ रोजी हिंदुस्थानातला पहिल्या क्रमांकाचा वैमानिक परवाना मिळाला. पुढच्या वर्षी आगाखानांच्या बक्षिसाची शर्यत झाली. इंग्लंड ते हिंदुस्थान हे अंतर, कोणत्याही दिशेने, जो हिंदी वैमानिक एकट्याने प्रथम पार करील त्याला ५०० पौंड. टाटा कराचीहून निघाले, अस्पी इंजिनियर हा कोवळा पारशी तरुण इंग्लंडहून. दोघांची गाठ इजिप्तमधल्या अबुकीरच्या विमानतळावर पडली. अस्पीचे विमान स्पार्क प्लगअभावी अडकून बसले होते. टाटांनी आपल्याजवळचे जादा प्लग काढून दिले. त्या प्लगांवर अस्पी कराचीला पोहोचला आणि टाटा लंडनला पोहोचण्याआधी बक्षीस घेऊन बसला. हाच अस्पी १९६० मध्ये भारतीय हवाई दलाचा प्रमुख झाला. टाटांच्या चरित्रातल्या मोठमोठ्या आकड्यांपेक्षा ही वाळवंटातली देवाणघेवाण मला अधिक मोलाची वाटते, कारण शर्यत चालू असताना प्रतिस्पर्ध्याच्या यंत्रात आपला सुटा भाग बसवणे कोणत्याही नियमावलीत लिहिलेले नव्हते.

१५ ऑक्टोबर १९३२ रोजी टाटांनी कराचीच्या ड्रिग रोडवरून पुस मॉथ विमान उचलले, अहमदाबादला पेट्रोल भरले आणि दुपारी जुहूला टपाल उतरवले. तिथून नेव्हिल व्हिन्सेंट ते टपाल बेल्लारीमार्गे मद्रासला घेऊन गेले. त्याच महिन्यात, ८ ऑक्टोबरला, भारतीय हवाई दलाची कायद्याने स्थापना झाली होती. म्हणजे नागरी आणि लष्करी, दोन्ही शाखांची पाने एकाच महिन्यात उघडली. जुहूचे मात्र एक दुखणे होते. पावसाळा आला की धावपट्टीचा चिखल होई, आणि टाटांची टपालसेवा चार महिने पुण्याला बिऱ्हाड हलवी. समुद्र आणि पाऊस यांच्याशी जुळवून घेत ही सेवा वाढली. १९४६ मध्ये तिचे ‘एअर इंडिया’ झाले आणि ८ जून १९४८ रोजी ‘मलबार प्रिन्सेस’ हे कॉन्स्टेलेशन विमान मुंबईहून कैरो, जिनिव्हामार्गे लंडनला निघाले.

उडण्याची गोष्ट इथवर आली तरी विमान परक्याच्याच कारखान्यातले होते. हा सल ज्याला खरोखर बोचला तो माणूस सोलापूरचा. वालचंद हिराचंद दोशी यांचा जन्म १८८२ चा. ५ एप्रिल १९१९ रोजी सिंदिया कंपनीचे ‘लॉयल्टी’ जहाज मुंबईहून इंग्लंडला धाडून त्यांनी ब्रिटिश जहाज कंपन्यांच्या मक्तेदारीला पहिला धक्का दिला होता. ५ एप्रिल हा राष्ट्रीय सागरी दिन आपण पाळतो तो त्याचमुळे. जहाज, मोटार आणि विमान, तिन्ही गोष्टी हिंदुस्थानात हिंदी भांडवलाने बनल्या पाहिजेत, हा त्यांचा हट्ट होता, आणि सरकार एकालाही मनापासून राजी नव्हते. १९३९ च्या अखेरीस पॅसिफिकवरच्या एका विमानप्रवासात त्यांची गाठ विल्यम पॉली या अमेरिकनाशी पडली. पॉलीने चीनमध्ये विमानांचा कारखाना उभारला होता. प्रवासातल्या बोलण्यातून योजना ठरली. म्हैसूर संस्थानाने, दिवाण मिर्झा इस्माईल यांच्या पुढाकाराने, बंगळुरूला जमीन दिली आणि २५ लाख रुपये घातले. २३ डिसेंबर १९४० रोजी हिंदुस्थान एअरक्राफ्ट कंपनीची नोंदणी झाली, आणि १९४१ च्या ऑगस्टात तिथे जोडलेले पहिले हार्लो प्रशिक्षण विमान उडालेसुद्धा. मग जपान्यांनी आग्नेय आशिया घेतला, युद्ध दाराशी आले आणि एप्रिल १९४२ मध्ये सरकारने कारखाना आपल्या ताब्यात घेतला. वालचंदांना मोबदला मिळाला, विमान गेले. त्यांची मोटार मात्र राहिली. कुर्ल्याच्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सचा दुसरा कारखाना कल्याण-डोंबिवलीच्या पट्ट्यात उभा राहिला, आणि कल्याण-शीळ रस्त्यावरच्या माणसाला ‘प्रीमियर’ म्हटले की आजही पत्ता सांगावा लागत नाही. त्या नावामागे विमानाची हुकलेली मालकी आहे, हे मात्र तिथून रोज जाणाऱ्यांपैकी फार थोड्यांना ठाऊक असते.

वालचंद गेले तरी त्यांच्या कारखान्यात एक मराठी माणूस टिकून राहिला, आणि त्याच्याविषयी आपण फार कमी बोलतो. डॉ. विष्णू माधव घाटगे. गडहिंग्लज तालुक्यातल्या हसूरचंपू गावी १९०८ मध्ये जन्मलेल्या या मुलाने जर्मनीतल्या ग्योटिंगेनला लुडविग प्रांटल यांच्या हाताखाली डॉक्टरेट मिळवली. पंखाच्या पृष्ठभागाला चिकटून वाहणाऱ्या हवेच्या पातळ थराचे गणित मांडणारे प्रांटल, म्हणजे या शास्त्राचे मूळ पुरुषच. घाटग्यांना विद्यापीठात सुखाने राहता आले असते. ते कारखान्यात आले. युद्धकाळात तिथे दुरुस्तीचे काम प्रचंड होते, पण घाटग्यांचे लक्ष आराखड्याच्या फळ्यावर होते. आपल्या माणसांनी काढलेल्या रेघांवर आपले विमान बांधायचे. ते झाले एचटी-२, दोन आसनी प्रशिक्षण विमान, १९५१ च्या ऑगस्टात कॅप्टन जमशेद मुन्शी यांनी पहिल्यांदा उडवलेले. हवाई दलातल्या शिकाऊ मुलांच्या किती पिढ्या या विमानावर हात साफ करून गेल्या! १९५९ मध्ये नवस्वतंत्र घाना देशाने आपले हवाई दल उभारले तेव्हा त्यांच्या मुलांनीही याच एचटी-२ वर धडे घेतले. पुढे फ्लाइंग क्लबांसाठी पुष्पक, सैन्यासाठी कृषक आणि १९६४ मध्ये किरण हे जेट प्रशिक्षण विमान, ही सगळी मालिका घाटग्यांच्या देखरेखीखाली निघाली. लढाऊ विमानांभोवती जे वलय असते ते शिकवणाऱ्या विमानाला कधी मिळत नाही. पण परक्याच्या विमानावर शिकलेला वैमानिक परक्याच्याच विमानाची मागणी करतो, हे ओळखून घाटग्यांनी सुरुवात बालवर्गापासून केली. त्यांच्या दूरदृष्टीची खूण मला इथे दिसते.

आता १९४२ मध्येच थांबून आपण दुसऱ्या वंशावळीकडे वळू. ज्या वर्षी सरकारने वालचंदांचा कारखाना घेतला त्याच सुमारास, त्याच युद्धाच्या नावाखाली, कल्याणजवळ नेवाळीच्या माळावर धावपट्टी आखली गेली. हाजीमलंगच्या डोंगराकडे जाणाऱ्या रस्त्यालगतची दीड हजार एकरांहून अधिक भातशेती आसपासच्या गावांतून काढून घेण्यात आली. युद्धकाळातल्या कायद्यापुढे शेतकऱ्याला ‘नाही’ म्हणायची सोय नव्हती. धावपट्टी झाली, युद्ध संपले, विमाने गेली. गवत वाढले, त्यातून गुरे चरू लागली, आणि शेतकरी पुन्हा भात लावू लागले, कारण त्यांच्या लेखी जमीन युद्धापुरती दिलेली होती. सरकारदरबारी मात्र ती संरक्षण खात्याकडे राहिली आणि पुढे नौदलाच्या ताब्यात आली. सत्तर-पंचाहत्तर वर्षे हे दोन समज एकाच शेतात शेजारी शेजारी नांदले. २०१७ मध्ये नौदलाने कुंपणाची भिंत घालायला घेतली तेव्हा ते एकमेकांवर आदळले. २२ जून २०१७ रोजी कल्याण-मलंग रस्त्यावर आंदोलन पेटले, वाहने जाळली गेली, पोलीस आणि शेतकरी दोन्हीकडची माणसे जखमी झाली. जाळपोळीचे समर्थन करता येत नाही. पण मृगाचा पाऊस पडून गेलेला असताना, पेरणीच्या ऐन दिवसांत, ज्याच्या आजोबाकडून जमीन ‘युद्धापुरती’ घेतली त्या नातवाला बांधावर अडवले तर त्याने काय समजायचे? ज्यांनी न उडता युद्धाला विमानतळ दिला, त्यांची नावे विमानविद्येच्या एकाही पुस्तकात मी पाहिलेली नाहीत.

स्वातंत्र्यानंतर विमान पुन्हा हातोहात फिरू लागले. १९४९ च्या जानेवारीअखेरीस दळणवळणमंत्री रफी अहमद किडवई यांनी रात्रीची हवाई टपालसेवा सुरू केली. मुंबई, दिल्ली, कलकत्ता आणि मद्रास इथून निघालेली चार विमाने मध्यरात्री नागपूरच्या सोनेगावला एकत्र यायची, थैल्यांची अदलाबदल व्हायची आणि पहाटेपर्यंत चारही परत. टाटांचा या योजनेला विरोध होता, किडवई ठाम राहिले, आणि देशाच्या मधोमध वसलेल्या नागपुराने ती सेवा नेटाने चालवून दाखवली. १ ऑगस्ट १९५३ ला हवाई कंपन्यांचे राष्ट्रीयीकरण झाले. टाटांना हा निर्णय ठरून गेल्यावर कळवण्यात आला. त्यांनी नाराजी लपवली नाही, तरी एअर इंडियाचा दर्जा घसरू नये म्हणून अध्यक्षपद स्वीकारले आणि पंचवीस वर्षे एक रुपयाही पगार न घेता सांभाळले. १९७८ मध्ये मोरारजी देसाईंच्या सरकारने त्यांना दूर केले, आणि ती बातमी त्यांना सरकारकडून नव्हे, तर त्यांच्या जागी नेमलेल्या एअर चीफ मार्शल प्रताप चंद्र लाल यांच्याकडून समजली. मोरारजी आणि टाटा, दोघेही आपापल्या परीने तत्त्वाची माणसे. तत्त्वनिष्ठ माणसाला दुसऱ्याचे तत्त्व दिसेनासे होते, ही आपल्या सार्वजनिक जीवनातली जुनी अडचण त्या प्रसंगात उघडी पडली. २७ जानेवारी २०२२ ला एअर इंडिया पुन्हा टाटा समूहाकडे गेली. त्याच्या २८ वर्षे आधीच जेआरडी गेले होते.

हवाई दलाच्या शाखेत मराठी नावे ठळक आहेत. मुंबईत जन्मलेले हृषिकेश मुळगावकर १९४७-४८ च्या काश्मीर युद्धात श्रीनगरच्या आघाडीवर होते, महावीर चक्राचे मानकरी झाले आणि १९७६ ते १९७८ या काळात हवाई दलप्रमुख. १९९९ मध्ये कारगिलच्या वेळी अनिल यशवंत टिपणीस प्रमुख होते. विमाने युद्धात उतरवायची तर आधी सरकारची स्पष्ट परवानगी हवी, असे त्यांनी सांगितले. ती आल्यावर २६ मे पासून हवाई दल उतरले, आणि नियंत्रण रेषा ओलांडायची नाही हे अवघड बंधन शेवटपर्यंत पाळले गेले. दरम्यान कारखान्याची वाटही महाराष्ट्राकडे वळली होती. चीनच्या युद्धानंतर यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री झाले, १९६३ मध्ये नाशिकमधून बिनविरोध लोकसभेवर गेले, आणि मिग विमानांचा कारखाना नाशिकजवळ ओझरला आला. द्राक्षांच्या मळ्यांशेजारी मिग बनले, मग सुखोई, आणि १७ ऑक्टोबर २०२५ रोजी तिथे बांधलेले पहिले तेजस मार्क-१ए उडाले. वालचंदांच्या बंगळुरूचा धागा असा फिरून त्यांच्या राज्यात आला.

नागरी उड्डाणात सौदामिनी देशमुख यांचे नाव घेतल्यावाचून पुढे जाता येत नाही. १९८५ मध्ये कलकत्ता-सिलचर मार्गावर निवेदिता भसीन यांच्यासह त्यांनी फोकर फ्रेंडशिप नेले, आणि विमानातला सगळा चमू स्त्रियांचा होता. आज भारतात स्त्री-वैमानिकांचे प्रमाण जगातल्या बहुतेक देशांहून जास्त आहे. त्या वाटेवरचा पहिला खडतर टप्पा या पिढीने पार केला. आणि तळपद्यांचा खरा वारसा कोणी चालवला म्हणाल तर मी कॅप्टन अमोल यादव यांचे नाव घेईन. कांदिवलीतल्या चारकोपच्या इमारतीच्या गच्चीवर त्यांनी सहा आसनी विमान बांधले. २०१६ च्या ‘मेक इन इंडिया’ सप्ताहात ते वांद्रे-कुर्ला संकुलात मांडले गेले, कागदपत्रांच्या प्रदीर्घ झगड्यानंतर २०१७ मध्ये नोंदणी मिळाली आणि २०२० मध्ये धुळ्याच्या धावपट्टीवरून ते उडाले. इथे नोंदणी क्रमांक आहे, चाचणीची तारीख आहे, चित्रफीत आहे.

या सगळ्या वाटा आज ज्या ठिकाणी येऊन मिळतात तो नवी मुंबईचा विमानतळ उरणच्या जासई गावच्या एका वकिलाच्या नावाने ओळखला जावा, अशी इथल्या माणसांची मागणी आहे. दिनकर बाळू पाटील, सगळ्यांचे ‘दिबा’, १९२६ मध्ये आगरी शेतकऱ्याच्या घरात जन्मले. शेतकरी कामगार पक्षाकडून पनवेलचे पाच वेळा आमदार, दोनदा खासदार, विधानसभेत विरोधी पक्षनेते. १९७० मध्ये सिडको स्थापन झाली आणि नवी मुंबईसाठी ९५ गावांची जमीन घेतली जाऊ लागली. दिबांनी नवे शहर नको, असे म्हटले नाही. ज्याच्या भातखाचरावर आणि मिठागरावर शहर उभे राहील, त्याचा त्या शहरात वाटा असला पाहिजे, एवढेच ते म्हणत राहिले. जानेवारी १९८४ मध्ये जासई-दास्तान परिसरात आंदोलकांवर गोळीबार झाला आणि पाच शेतकरी हुतात्मा झाले. त्यांच्या रक्तातून साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याचे तत्त्व सरकारला मान्य करावे लागले. नेवाळीच्या शेतकऱ्याला १९४२ मध्ये जे कोणी विचारले नव्हते, ते जासईने चाळीस वर्षांनी विचारायला लावले.

दिबा २४ जून २०१३ रोजी गेले. त्याच काळात विमानतळासाठी दहा गावे हलवण्याची बोलणी चालू होती, आणि तिथल्या कुटुंबांसाठी ठरलेला आकडा होता साडेबावीस टक्के. साडेबाराचा साडेबावीस झाला, यात एका माणसाचे सगळे आयुष्य आहे. वाघिवली, चिंचपाडा, कोपर, कोल्ही, तरघर, गणेशपुरी ही नावे पुनर्वसनाच्या कागदांत गेली, उलव्याचा डोंगर उतरवला गेला, उलवे नदीचे पात्र वळवले गेले. २०२१ च्या जूनमध्ये दिबांच्या नावासाठी ठाणे-रायगडच्या भूमिपुत्रांनी मानवी साखळी केली, पुढे बेलापूरला मोर्चा नेला. २०२२ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने त्यांचे नाव मंजूर केले. ८ ऑक्टोबर २०२५ रोजी विमानतळाचे उद्घाटन झाले, म्हणजे हवाई दलाच्या स्थापनेच्या तारखेलाच, आणि २५ डिसेंबरला प्रवासी वाहतूक सुरू झाली. त्या सकाळी तिथे उतरलेले पहिले प्रवासी विमान बंगळुरूहून आले होते.

कोलशेतहून त्या विमानतळाला जाणारा प्रवासी ठाणे-बेलापूर रस्त्याने सिडकोने घेतलेल्या गावांमधूनच पुढे जाईल. माझे मागणे एवढेच आहे की प्रस्थानाच्या दालनात जेआरडींचा पुस मॉथ, वेलिणकरांचे डॉल्फिन आणि घाटग्यांचे एचटी-२ यांच्या चित्रांशेजारी हलवलेल्या दहाही गावांची नावे, घरांच्या संख्येसह, मराठीत लावावीत. आणि कल्याणच्या तहसील कचेरीने नेवाळीच्या माळाचे १९४२ आधीचे फेरफार आणि सातबारे लोकांना पाहायला खुले करावेत. ज्या कागदावर जमीन गेली, तो कागद जमीन गेलेल्यांच्या नातवंडांना वाचता यायला हवा.